तात कास्पारचा हुकलेला दिवस

तात कास्पार पार कंटाळला होता. एक्केचाळीस वर्षं रोज पहाटे उठायचं, उगवत्या दिवसाला नावानं नमस्कार करायचा, आज त्याच्या पाठीवर काय ओझं आहे ते गावाला सांगायचं. दोनशे साठ दिवस संपले की पुन्हा पहिल्यापासून. दिवसांचे देव वीस. आलटून पालटून तेच. पाहुणे कितीही थोर असले तरी एक्केचाळीस वर्षं उंबऱ्यावर येत राहिले, की माणूस विटतोच.

त्यात ती पोथी. झाडाच्या सालीची, चुन्यानं पांढरी केलेली, पणजोबानं नक्कल केलेली. काळ धरावा कसा, थोपवावा कसा, वळवावा कसा, सगळं तिच्यात आहे अशी गावाची खात्री. मग लोक काय वाटेल ते मागत. कुणाला परीक्षा पुढे ढकलून हवी, कुणाला सासूचा मुक्काम आखूड करून हवा. पोथीचं ते काम नाही, असं तो म्हणे. काम आहे, पण म्हातारा चिकट आहे, असं लोक म्हणत.

त्या दुपारी शेपा आली. तिच्या मुलाला, रिगोला, उत्तरेकडे जायला दिवस काढून दिला होता तो कास्पारनंच. वाटेचा दिवस, प्रवासाला याहून चांगला नाही, असं त्यानं छातीठोक सांगितलं होतं. पोरगा गेला त्याला चाळीस दिवस झाले. सरहद्दीवरच्या नदीपाशी पोचल्याचा एक फोन, त्यानंतर काहीच नाही. शेपा खाली बसली. तो दिवस पोथीतून मागं बोलवा, एवढंच म्हणाली.

रिगो निघायच्या आधी कास्पार तापानं फणफणून पडला होता. दोन पहाटा झोपेत गेल्या आणि शुद्धीवर आल्यावर त्यानं एकच धरली. वीस दिवसांमागं बाजारात शेजारगावचा दिवस मोजणारा भेटला, सहज बोलता बोलता दिवसाचं नाव घेऊन गेला, तेव्हा कास्पारनं बोटांवर पुन्हा मोजलं. रिगो निघाला तो वाटेचा दिवस नव्हताच. तो त्याच्या पुढचा, घराचा दिवस. त्या दिवशी चुलीला नैवेद्य दाखवावा, उंबरा ओलांडून लांब जाऊ नये. कास्पारनं गुपचूप एक दिवस पुढं उडी मारली आणि मोजणी जुळवून घेतली. झाकली मूठ सव्वा लाखाची.

पण आता ती समोर बसली होती, आणि लपवायलाही अंगात ताकद लागते. त्यानं पोथी उलगडली, ते पान शोधलं आणि वाचून दाखवलं. चुकीचं नाव घेतलेला दिवस ओझ्यासकट वाटेत बसून राहतो. त्याच्याबरोबर निघालेली माणसंही तिथंच अडकतात. ज्यानं लबाडी केली त्यानं ती धुरासमोर मोठ्यानं बोलावी, म्हणजे दिवस उठतो.

मग त्यानं निखाऱ्यांवर कोपालचा धूप टाकला आणि सगळं सांगितलं. ताप, झोप, बाजार, गुपचूप मारलेली उडी. सांगून झाल्यावर मान खाली घालून बसला. आता ही शिव्या देईल, गावभर करेल, आणि ते बरंच होईल असं त्याला वाटलं.

शेपा धुराकडं बघत होती.

"मला ठाऊक होतं," ती म्हणाली.

"काय?"

"घराचा दिवस होता ते. माझा बापही दिवस मोजायचा, तात. मका दळताना दिवस आपोआप तोंडात येतात माझ्या."

"मग बोलली का नाहीस?"

"घराच्या दिवशी निघालेला घरीच परततो, असं बाप म्हणायचा. तुम्ही चुकलात ते मला बरंच वाटलं. म्हटलं, सरहद्दीवर कुठंतरी अडवतील, आठवड्यात परत पाठवतील. अडला तर खरा. पण परत कुठं आला?"

कास्पारला एकदम हलकं वाटलं, आणि हलकं वाटल्याची लाजही वाटली. पाप वाटून घेणारं कुणी भेटलं म्हणून बरं वाटावं, इतका तो थकला होता.

"हे मला सांगून काय उपयोग," तो हळूच म्हणाला. "धुराला सांग."

तिनं सांगितलं. प्रत्येक शब्द पुन्हा, मोठ्यानं. मग तिला वाटलं झालं, आणि ती उठायला लागली. कास्पारनं पानावर बोट ठेवलं. खाली आणखी एक ओळ होती. दिवसाला कुठं जाऊ द्यायचं, तेही बोलावं लागतं.

शेपा पुन्हा खाली बसली. पदरासारखी पांघरलेली शाल तिनं डोळ्यांना लावली.

"पोचू दे त्याला," ती म्हणाली. "जिथं जायचं होतं तिथं पोचू दे. परत नाही आला तरी चालेल."

कास्पारनं निखाऱ्यांवर आणखी एक खडा टाकला आणि दोघं धूप संपेपर्यंत तिथंच बसून राहिली.