एफ्राइनच्या दोन सह्या

मित्रांनो, माझं वय अवघं चार वर्षं आहे आणि तरी मी म्हातारा आहे. मी एक शिक्का आहे. तुमची मुदत कुणाला दिसत नाही, माझी मात्र माझ्या तोंडावरच कोरलेली आहे, तीही उलट्या अक्षरांत. उद्या ती संपते. उद्या रेमेदिओसबाई मला कात्रीने कापतील, कारण मुदत संपलेला शिक्का भलत्याच्या हाती लागू नये, असा इथला कायदा आहे. म्हणून आजच बोलून घेतो.

रबरावर बाईंचं नाव आणि नंबर कोरून, पोटात काळी शाई भरून मला कारखान्यातून मेक्सिकोच्या सरहद्दीपलीकडे, उत्तरेला, सलिनास गावी पाठवलं गेलं. इथे बाईंचं मुलींच्या समारंभी झग्यांचं दुकान आहे. पुढे गुलाबी, आकाशी घेरदार झगे टांगलेले असतात, मागे पडद्याआड एक टेबल. सही करणारा माणूस तोच आहे, अशी साक्ष देण्याचं सरकारी काम बाई त्या टेबलावर करतात. ती साक्ष कागदावर उमटवणारा मी.

सगळ्यात जास्त येत ते लेकरांच्या पासपोर्टचे कागद. सोळा वर्षांखालच्या मुलाचा पासपोर्ट काढायचा तर आई-वडील दोघांनी जातीने हजर राहायचं. एकाला जमत नसेल तर त्याने संमतीचा कागद द्यायचा, सही साक्षीदारासमोर करायची आणि ओळखपत्राच्या दोन्ही बाजूंची नक्कल जोडायची. एवढा जाच कशाला, असं सुरुवातीला मलाही वाटे. पहिल्याच वर्षी एक बाई नवऱ्याला घेऊन आली. ओळखपत्रातल्या माणसाच्या भुवईवर जखमेची खूण होती, समोरच्याची भुवई साफ. तो दीर निघाला. खऱ्या बापाला कशाचा पत्ताही नव्हता.

त्या दिवसापासून माझा कुणावर म्हणून विश्वास उरला नाही. काही लोक घरूनच सही करून आणत. "तुमचा वेळ कशाला खायचा, दोन्या रेमे," असं गोड बोलत. बाईंना सगळे मानाने दोन्या रेमेच म्हणतात, दोन्या म्हणजे बाई. बाई हसून कोरा कागद पुढे करत. मी हसत नसे. गोड बोलणाऱ्याकडे मी दोनदा बघे.

मागच्या नोव्हेंबरात एफ्राइन आणि नोएमी आले. दोघं वेगळे राहत होते, आणि ते सांगावंही लागलं नाही. दोघांनी खुर्च्या अशा ओढल्या की मध्ये झग्यांचं अख्खं खोकं मावावं. त्यांची सात वर्षांची शितलाली तोवर झग्यांत शिरली होती. एफ्राइन सॅलडच्या पानांची तोडणी करायचा. दुसऱ्याच दिवशी त्याची टोळी पिकामागे दक्षिणेला निघणार होती, म्हणून पासपोर्टच्या खिडकीवर तो हजर राहू शकत नव्हता. नोएमीला लेकीला घेऊन मेक्सिकोला जायचं होतं, एफ्राइनच्याच आईकडे. म्हातारीचं दुखणं वाढत चाललं होतं आणि तिने नात अजून पाहिली नव्हती.

"जाशील आणि तिकडेच राहशील," एफ्राइन म्हणाला.

"तुझ्या आईकडे नेतेय, माझ्या नाही. तिथे राहून काय करू, तुझी लहानपणची गाऱ्हाणी ऐकू?"

"मी तुला ओळखून आहे."

"मग चल तू. उचल पोरीला आणि ने."

एफ्राइनकडे इथे राहण्याचे कागद नव्हते. गेला तर परत यायला वाट नव्हती, आणि हे बाईंसकट तिघांनाही माहीत होतं. नोएमीला बोलल्याचं वाईट वाटलं, पण तिने तसं दाखवलं नाही.

बाईंनी त्याचं ओळखपत्र पाहिलं, चेहरा पाहिला आणि पेन दिलं. एफ्राइनने हात पुसला आणि एकदम झोकात सही केली. केवढा तो फेरा, त्यात एक गाठ आणि खाली दोन ठिपके. नाव असं कुठे वाचताच येईना. ओळखपत्रावर मात्र सरळ, सुटंसुटं नाव होतं. मी म्हटलं, सापडला. याला परवानगी द्यायचीच नाही. मुद्दाम न जुळणारी सही ठोकली, म्हणजे कागद परत येईल आणि दोष याच्यावर येणार नाही.

"हे काय काढलंस, एफ्राइन?" बाईंनी विचारलं.

"सही."

"पासपोर्टवाले दोन्ही शेजारी ठेवून बघतात. असा कागद परत पाठवतील. मग पुन्हा पहिल्यापासून."

"मला ठाऊकच होतं," नोएमी उठली. "तोंडावर नाही म्हणायची हिंमत नाही ना, म्हणून असं."

एफ्राइनचा चेहरा उतरला. "ओळखपत्राच्या खिडकीवरची पोरगी म्हणाली, वाचता येईल असं नाव लिहा. लिहिलं. ती काय सही झाली? शाळेतल्या पोराचं अक्षर ते. ही खरी. दहा वर्षांचा होतो तेव्हा वडिलांनी शिकवली, महिनाभर घोटून घेतली. फेरा त्यांचा, ठिपके माझे. लेकीच्या कागदावर खोटी सही करू?"

"इथे खरी लागत नाही रे बाबा, जुळणारी लागते," बाई म्हणाल्या. त्यांनी त्या कागदावर 'रद्द' लिहिलं आणि नवा पुढे सरकवला.

पेन तसंच पडून राहिलं. आता उठेल आणि जाईल, असं मी धरूनच चाललो होतो. तेवढ्यात शितलाली जाळीचा झगा डोक्यावर घेऊन पडद्यातून डोकावली.

"बाबा, आजीला तुझ्याकडून काय नेऊ?"

त्याने टेबलावर पाहिलं. तो रद्द कागद उचलला, चार घड्या घातल्या आणि तिच्या हातात दिला. "हे ने. चुरगळू नकोस." मग नव्या कागदावर एकेक अक्षर सुटं लिहून त्याने आपलं नाव काढलं. बाईंनी मला उचललं. मी उमटलो, पण मनातून नाही.

पुढे मी दिवस मोजत बसलो. नाताळ झाला, नवं वर्ष लागलं. ही नोएमी काही परत येत नाही, असं मी स्वतःलाच सांगत होतो. जानेवारीच्या शेवटी दार वाजलं आणि पडद्यातून शितलाली आत आली. पाठोपाठ नोएमी होती.

"दोन्या रेमे, सासूबाईंनी दारातच अडवलं हो आम्हाला, मला तरी कधी पाहिलं होतं त्यांनी!" नोएमी सांगू लागली. "एकदा फोनवर कुणीतरी मीच तुझा एफ्राइन म्हणून त्यांना फसवलं होतं. तेव्हापासून फोनवर विश्वास नाही. मी पासपोर्ट दाखवला, तर म्हणाल्या, मला वाचता येत नाही, छापलेलं काय, कुणीही छापतं. मग हिने तो कागद काढला."

"आजी त्या फेऱ्यावरून बोट फिरवत होती," शितलाली म्हणाली. "म्हणाली, हा माझ्या नवऱ्याचा हात आणि हे ठिपके माझ्या पोराचे. मग मला आत घेतलं."

म्हातारी डिसेंबरात गेली. तो कागद तिने उशीखाली ठेवला होता, तो तिच्यासोबतच पुरला. नोएमीने हे सगळं एफ्राइनला फोनवर सांगितलं, आणि सांगून झाल्यावरही दोघांपैकी कुणी फोन ठेवला नाही.

मित्रांनो, मी चार वर्षांत हजारो कागदांची साक्ष दिली. ज्या एका कागदाला मी शिवलोही नाही, तोच त्या दारात चालला. मला त्याची लाज वाटते, आणि थोडा आनंदही होतो. तुम्ही संशय जरूर घ्या, दीर नवरा म्हणून उभा राहतो अशी ही दुनिया आहे. पण कागद बाजूला सारण्याआधी समोरच्याला एकदा विचारा, जसं बाईंनी विचारलं. मी विचारलं नव्हतं.

बाईंनी कात्री काढून टेबलावर ठेवली आहे. नवा शिक्का खोक्यातच आहे. त्याला हे सगळं कुणीतरी सांगा.