नावाड्याचा फर्मा

बाइंडरने आयुष्यभर पुस्तकं शिवली, पण वाचलं म्हणाल तर एकही नाही. हलवाई कुठे मिठाई खातो, असं वर ऐटीत सांगायचा.

त्याची बायको निवृत्त नर्स. चेटकिणी, राजे आणि बोलणाऱ्या नद्या असलेल्या एका गाजलेल्या टीव्ही मालिकेचं तिला वेड लागलं होतं, आणि त्यातही जीव जडला होता तो एका म्हाताऱ्या, खवचट नावाड्यावर. मागच्या भागात मालिकावाल्यांनी त्याला मारून टाकला, तोही धुक्यात, काठावर, एकटा. "माझ्या वॉर्डात मी कुणाला एकटं जाऊ दिलं नाही," ती म्हणाली, "आणि यांना त्याच्याजवळ एक माणूस बसवता आला नाही?" त्या दिवसापासून तिने टीव्हीशी अबोला धरला. जेवणातही लक्ष लागेना.

बाइंडरला ते बघवेना. मालिका ज्या कादंबरीवरून काढली होती ती त्याने विकत आणली. न जाणो, पुस्तकात म्हातारा जगतही असेल. ठोकळा चांगलाच जाड होता आणि बायकोचं मनगट दुखरं, म्हणून त्याने तो उसवून दोन भाग करायला घेतले. उसवता उसवता एका मथळ्यावर नजर पडली: 'नावाड्याचा शेवट'. सोळा पानांची ती घडी, जिला या धंद्यात फर्मा म्हणतात, त्याने अलगद काढून घेतली आणि उरलेलं असं बेमालूम शिवलं की त्याच्या उस्तादालाही पत्ता लागला नसता. पान नाही तर मरण नाही, इतका साधा हिशेब.

बायको वाचू लागली आणि तिची कळी खुलली. मालिकेत म्हाताऱ्याला कसा मिळमिळीत केलाय आणि पुस्तकात तो राजालाही कसा धारेवर धरतो, हे सांगून तिने नवऱ्याचं डोकं खाल्लं. बाइंडर मनातल्या मनात आपली पाठ थोपटत होता.

एका दुपारी ती दोन्ही भाग घेऊन थेट त्याच्या टेबलाशी उभी राहिली. दुसऱ्या भागात सगळे नावाड्याच्या आठवणीने रडताहेत आणि पानांचे आकडे मध्येच उडी मारताहेत, असं तिने शांतपणे सांगितलं. चोरून गोड खाणाऱ्या पेशंटकडे ती अशीच बघत असणार. बाइंडरने पुस्तकं दाबायच्या शिकंज्याखालून फर्मा काढून दिला.

"तुम्ही वाचलंत हे?"

"मथळा वाचला."

ती स्टुलावर बसून मोठ्याने वाचू लागली. पुस्तकात धुकं नव्हतं, काठ नव्हता. म्हातारा आपल्या झोपडीत, आपल्या अंथरुणावर होता आणि धाकटी राजकन्या त्याचा हात धरून बसली होती. नाव तर शत्रूने केव्हाच जाळली होती, अर्धं गाव नदीच्या अलीकडेच अडकलं होतं. म्हाताऱ्याने विचारलं, सगळे पलीकडे पोचले का? राजकन्या म्हणाली, पोचले, नाव बांधून ठेवलीय, तुम्ही झोपा आता.

किती दिवसांनी बायकोच्या चेहऱ्यावर असं समाधान दिसत होतं. नेमकं हेच आपण तिच्यापासून दडवलं, या विचाराने बाइंडरला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"मीही वॉर्डात असंच खोटं बोलायचे," ती डोळे पुसत म्हणाली. "तुमचं माफ. आता शिवा, आणि टाके घट्ट घाला."

बाइंडरने सुईत दोरा ओवला, पण हात काही पुढे जाईना.

"तो गेल्यावर ती पोरगी तिथे एकटीच बसली का गं?"

बायकोने स्टूल जवळ ओढलं, पहिला भाग उघडला आणि पहिल्या पानापासून त्याला वाचून दाखवू लागली.