तोंड साळूचं

“हा मी बोलनार नाय,” साळू म्हणाली आणि हातातला कागद तिने मामलेदाराच्या टेबलावर आपटला.

टेबल खोटं होतं, मामलेदारही खोटा होता. चिरनेरच्या बाजूला एका बंद पडलेल्या शाळेच्या खोलीत सिनेमावाल्यांनी कचेरी उभी केली होती. मामलेदार झालेला नट चहाचा कप हातात धरून तसाच थांबला. दिग्दर्शिका अरुंधती कॅमेऱ्यामागून उठून आली. तिशीतली, पुण्याची मुलगी. हा तिचा दुसराच सिनेमा.

“काय झालं, साळूताई?”

“हितं लिवलाय का मी पाया पडतंय. ‘मायबाप, दया करा.’ आमच्या वाडीत कोन बोलतंय असा? माजी सासू भट्टीच्या मालकाला शिव्या देत देत मेली.”

दोघं-तिघं हसले. अरुंधती हसली नाही. “बरं. तुमची वाडी उठवायला हा माणूस कागद घेऊन आलाय. तुम्ही काय म्हणाल?”

“तो मना काय इचारतेस? त्याला सांग, नीट बसून आयक.”

कॅमेरा सुरू झाला. साळूने कमरेवर हात ठेवले. ती ओरडली नाही. भट्टीवर विटा मोजून घेताना बोलावं तशा आवाजात, एकेक शब्द ठेवत ती बोलली.

“आमची वाडी तुज्या बापाच्या आदीपासून हितं हाय. तुजा कागुद काल आला. माज्या सासऱ्याला हितंच पुरला, माजी पोर हितंच झाली. मी हात जोडनार नाय, आन हितून उठनार पन नाय. तुला काय लिवायचा तो लिव.”

नट पुढचं वाक्य विसरला. कोणी ‘कट’ म्हणालं नाही. मग आवाजाचं यंत्र सांभाळणारी कोमल धावत आली आणि तिने आपल्या कानावरचा हेडफोन काढून साळूच्या कानांवर चढवला. “ऐका ना, मावशी. एकदा ऐका.”

साळूने ऐकलं. जाडसर, किंचित घोगरा, विहिरीतून यावा तसा आवाज. 

“हा माजा?”

“तुमचाच.”

“बरा हाय की गो,” साळू म्हणाली, आणि तिचे डोळे भरून आले. अट्ठेचाळीस वर्षांची बाई, सदतीस सिनेमे केलेली, स्वतःचा आवाज पहिल्यांदा ऐकत होती.

साळू वाघमारे कोन गावाजवळच्या कातकरवाडीतली. एकोणीस वर्षांची असताना ती डोक्यावर विटा घेऊन भट्टीवरून चालली होती. मुंबईहून आलेल्या एका दिग्दर्शकाने तिला पाहिलं आणि गाडी थांबवली. त्याच्या सिनेमात जमीनदाराचे गडी एका मजूर बाईला मारतात, तेवढंच तिचं काम. मार खाऊन उठताना साळूने मारणाऱ्यांकडे अशा काही नजरेने पाहिलं की मुंबईच्या एका संस्थेने तिला उत्कृष्ट सहायक अभिनेत्री ठरवलं. सिनेमा पनवेलच्या टॉकीजला लागला तेव्हा भट्टीच्या ट्रकमध्ये बसून अख्खी वाडी बघायला गेली. पडद्यावर साळूने तोंड उघडलं आणि त्यातून कुठल्याशा शिकलेल्या बाईचा बारीक, टोकदार आवाज आला.  अंधारात तिचा नवरा पांडू पुटपुटला, “तुज्या तोंडात ही कोन शिरली गो?”

सासूने दुसऱ्या दिवशी खरोखरच भगताला बोलावलं. कोंबडं कापलं. ही गोष्ट वाडीत पुढे कितीतरी वर्षं सांगून सांगून हसत. साळू मात्र कधी हसली नाही. पुढच्या सिनेमाच्या वेळी तिने धीर करून आवाजवाल्याला विचारलं. तो सिगरेट विझवत म्हणाला, “बाई, तुमचा आवाज माइकला चालत नाही.”

डॉक्टरने रोग सांगावा तसं तिने ते ऐकून घेतलं. लग्नांत पुढे बसून गाणी उचलणारी साळू त्यानंतर मागे बसायला लागली. त्या माणसाला ते वाक्य चार पावलं गेल्यावर आठवलंही नसेल. साळूने ते सत्तावीस वर्षं बाळगलं.

आणि कामं येत राहिली. रानातली बाई, शेतावरची बाई, पाण्यासाठी मैलभर चालणारी बाई, फासाला लटकलेल्या शेतमजुराची बाई. कुठल्याही जिल्ह्यातली गरिबी दाखवायची असली की साळूला फोन येई. मेकअपवाल्याला सांगत, “अजून जरा काळी करा.” तिला गुंडांनी मारलं, नदीत ढकललं, एकदा जाळलंसुद्धा. कॅमेरा कुठे आहे हे ती मान न वळवता ओळखायला शिकली. उजेड ज्या गालावर असेल त्याच डोळ्यातून पाणी काढायला शिकली. नामांकित नायिका तिच्यासमोर बसून रडायचं कसं ते बघून घेत. पांडू काविळीने गेला तेव्हा तेराव्या दिवशी ती सेटवर उभी होती, कारण अर्ध्या राहिलेल्या प्रसंगात तिच्याशिवाय चालणार नव्हतं. त्या प्रसंगातही ती रडली, त्यातही आवाज दुसरीचा लागला. नवऱ्यासाठी फोडलेला हंबरडा कापून टाकला होता.

म्हणून तर अरुंधतीने शूटिंगच्या शेवटच्या दिवशी हात हातात घेऊन “या वेळी तुमचाच आवाज, साळूताई, शब्द देते,” असं म्हटलं, तेव्हा साळू वाडीत जाऊन सगळ्यांना सांगून आली. तिची मुलगी मनिषा पनवेलला एका दवाखान्यात नर्स होती. तीसुद्धा तिला म्हणाली, “आये, आदी बघू, मग बोलू.” साळूने तिलाच झापलं.

सहा महिन्यांनी, रविवारी सकाळी अकराला, खारघरच्या एका मॉलमध्ये निमंत्रितांसाठी खेळ ठेवला. साळूने चौदा पास मागून घेतले होते. वाडीतल्या बाया ठेवणीतली लुगडी, साड्या नेसून दोन गाड्यांत दाटीवाटीने आल्या. तिचा भाऊ हरेश भट्टीवरची रजा टाकून आला. थंडगार थिएटरात सगळे पाचव्या रांगेत बसले, आणि पुढच्या रांगेतल्या एका बाईने मागे वळून पाहिलं, मग पर्स मांडीवर घेतली. मनिषाला ते दिसलं. साळूला दिसलं तरी तिने लक्ष दिलं नाही. ती कचेरीच्या प्रसंगाची वाट बघत होती.

प्रसंग आला. पडद्यावरच्या साळूने कमरेवर हात ठेवले, तोंड उघडलं.

“मायबाप सरकार, आम्ही अडाणी माणसं जी. आमच्या पोटावर पाय देऊ नका जी. तुमच्या पाया पडते जी…”

बारीक, टोकदार, रडवा आवाज. कमरेवर हात ठेवून मामलेदाराच्या डोळ्याला डोळा भिडवलेली बाई पाया पडते म्हणत होती. मध्येच तिचे ओठ मिटले तरी आवाज कण्हतच होता, आणि मागे बासरी लागली होती. पुढच्या रांगेतल्या बाईने डोळ्यांना रुमाल लावला.

  साळू उभी राहिली.

“आमची वाडी,” ती म्हणाली, “तुज्या बापाच्या आदीपासून हितं हाय!”

“खाली बसा,” मागून कोणी तरी म्हणालं.

“तुजा कागुद काल आला! माज्या सासऱ्याला हितंच पुरला, माजी पोर हितंच झाली!”

“अहो मावशी, शूऽऽ!”

“बोल गो साळू!” हरेश ओरडला.

तिला शब्द आठवावे लागले नाहीत. ते तिचेच होते. आणि माना वळायला लागल्या. आधी मागच्या बाईकडे, मग पुढच्या पडद्याकडे, मग पुन्हा मागे. कारण दोन वाक्यांत तिने पडद्याला गाठलं होतं, आणि तिथून पडद्यावरच्या साळूचे ओठ अंधारात उभ्या राहिलेल्या साळूच्या शब्दांवर हलत होते, अक्षराला अक्षर लावून. तो रडवा आवाज भलत्याच कोणाचा तरी आहे हे लहान पोरालाही कळलं असतं. “तुला काय लिवायचा तो लिव!” साळू म्हणाली, आणि पडद्यावरचं तोंड तिच्याबरोबरच मिटलं.

थिएटरात क्षणभर नुसती बासरी वाजत राहिली. मग निर्माता प्रितेश रांगेतून वाकून येताना दिसला. साळू तो पोचायच्या आधीच बाहेर निघाली, आणि तिच्यामागे पाचवी रांग रिकामी झाली.

बाहेर पॉपकॉर्नच्या वासात अरुंधतीने तिला गाठलं. अरुंधतीचा चेहरा उतरला होता. “साळूताई, माझं ऐका. मी भांडले. खूप भांडले. सिनेमा विकत घेणारे म्हणाले, ही भाषा बाहेर कोणाला कळणार नाही, आणि ती बाई फार उद्धट वाटते. लोकांना तिची दया यायला हवी ना…”

“मंग तू मना सांगितला का नाय?”

अरुंधती हातातला पास दुमडू लागली.

“सा म्हयने झालं. फोन हाय माज्याकडं. ही सगळी मानसं घेऊन मी हितं आलंय. त्यांच्या म्होरं मना पाया पडाया लावलास.”

“मला तोंड नव्हतं सांगायला.”

“तुला तोंड नव्हता?” साळू म्हणाली. तिचा आवाज आता खाली आला होता आणि म्हणून जास्त लागत होता. “तुला तोंड हाय, बाय. माजा पन हाय, तो तुमी दिसाया देता, आयकाया कवाच देत नाय.” तिने श्वास घेतला. “माजा आवाज कुटं ठेवलास?”

“आहे. हार्ड डिस्कवर आहे, जपून ठेवलाय.”

“मना दे तो.”

तेवढ्यात प्रितेश आला. सुटाबुटातला, घामाघूम. “असं देता येत नाही. रेकॉर्डिंग कंपनीच्या मालकीचं असतं. करारावर यांची सही आहे.”

“माजा आवाज कंपनीचा?”

“कायद्याने, हो.”

साळूने त्याच्याकडे पाहिलं. पहिल्या सिनेमात मार खाऊन उठताना तिने जसं पाहिलं होतं, तसंच. प्रितेशने नजर काढून घेतली आणि मोबाइलवर काहीतरी शोधू लागला. मनिषा पुढे झाली; तिला वाटलं आई आता हात उगारते. पण साळूने पदर कमरेला खोचला आणि म्हणाली, “चला गो. गाडीवाला खोळंबलाय.”  गाडीत म्हातारी धोंडी, जिने सासूने बोलावलेला तो भगत पाहिला होता, साळूच्या गुडघ्यावर हात ठेवून म्हणाली, “आज बरीक तूच बोललीस.”

सिनेमा तसाच प्रदर्शित झाला. गाजला. साळूच्या ‘हृदयद्रावक’ अभिनयावर लिहून आलं. आवाज देणाऱ्या बाईचं नाव रंजिता की काय असं साळूच्या कानावर आलं, पण ते कुठे छापलेलं दिसलं नाही. साळूला त्या बाईचा राग येईना. तिलाही कोणीतरी ‘रडून बोला’ म्हणालं असणार. खारघरच्या प्रकाराची बातमी इंडस्ट्रीत फिरली आणि फोन थांबले. अरुंधतीचे दोन आले. साळूने ते उचलले नाहीत. ती मनिषाच्या ओळखीने दवाखान्याच्या स्वयंपाकघरात जाऊ लागली. डाळ ढवळताना ती गुणगुणते, आणि कधी कधी मोठ्याने गाते, अशी तक्रार एका पेशंटने केली तेव्हा तिने त्याला काय सुनावलं ते मनिषा अजून कोणाला सांगत नाही.

पावसाळा संपता संपता वाडीच्या बाया कचेरीत गेल्या. घरांखालची जागा नावावर करून मागणारा त्यांचा अर्ज कुठे हरवला ते विचारायला. ही कचेरी खरी होती. रांग जिन्यापर्यंत गेली होती, दोन पंख्यांतला एक बंद होता. तीन तासांनी साळू खिडकीशी पोचली. आतल्या कारकुनाने मान वर केली आणि त्याचा चेहरा उजळला.

“अरे! तुम्ही त्या सिनेमातल्या ना? मायबाप सरकारवाल्या?” त्याने शेजारच्याला हाक मारली, मोबाइल काढला, कॅमेरा तिच्यावर धरला. “एकदा म्हणा ना, मावशी. आमच्या मिसेसला पाठवतो. काय रडवलंत हो तुम्ही!”

मागच्या बाया एकमेकींकडे बघू लागल्या. मनिषाने आईचा दंड धरला. मोबाइलवरचा लाल ठिपका चमकत होता.

साळूने दोन्ही हात खिडकीच्या दगडावर ठेवले.

“लिव,” ती म्हणाली. जिन्यावर उभ्या असलेल्या शेवटच्या माणसाने वर पाहिलं, इतका तो आवाज स्वच्छ गेला. “साळू पांडू वाघमारे. कातकरवाडी, कोन. घरं एकतीस. अर्ज दिल्याला सात वर्सं झाली. मंग धोंडी लाडक्या हिलम. तिच्या मंग हरेश…”

ती थांबेना. कारकून थोडा वेळ हसतच राहिला, मग हसू नुसतंच तोंडावर उरलं. शेवटी त्याने मोबाइल टेबलावर उलटा ठेवला, रजिस्टर पुढे ओढलं आणि पेनाचं टोपण काढलं.

“सावकाश सांगा, बाई,” तो म्हणाला.