‘आपलं घर आधी’चे साठ फलक

मित्रांनो, वसुधाबाई गेल्या हे मला एका मंगळवारी सकाळी कळलं. त्याआधीच्या शनिवारी त्या माझ्यासमोर बसल्या होत्या. बसल्या बसल्या त्यांना घाम फुटला, छातीत दुखायला लागलं आणि त्यांना हॉस्पिटलात नेलं. त्या घाईत माझा लहान दिवा चालूच राहिला. तीन दिवस तो तसाच जळत होता. मंगळवारी मोहनराव, म्हणजे वसुधाबाईंचे यजमान, घरी आले ते बूट न काढता थेट माझ्या खोलीत. या घरात कोणी बूट घालून आत येत नाही. त्यांनी दिवा बंद केला आणि दारात उभ्या असलेल्या नीताला, त्यांच्या मुलीला, विचारलं, "आता हिला कोण वापरणार?" नीता तोंड फिरवून उभी राहिली. मग मला कळलं.

मी एक जुनी शिवणाची मशीन आहे. मला जे सांगायचं आहे त्यात अभिमान वाटावा असं थोडंच आहे. तरी सगळं क्रमाने सांगते.

माझा जन्म जर्मनीत, कार्ल्सरूहेतल्या एका कारखान्यात झाला, त्याला आता पन्नासेक वर्षं झाली. अंग लोखंडाचं, रंग हिरवट, आणि उचलायला दोन माणसं लागतात. माझी पहिली मालकीण फरीदाबाई. फरीदाबाईंचं दुकान जर्मनीत, केल या गावात होतं, आणि घर नदीपलीकडे स्ट्रासबुर्गला, म्हणजे फ्रान्समध्ये. मध्ये ऱ्हाईन नदी आणि तिच्यावर पूल. हल्ली त्या पुलावरून ट्राम जाते. फरीदाबाईंचे आईवडील अल्जेरियातून कारखान्यात काम करायला आले होते. त्या स्वतः स्ट्रासबुर्गलाच जन्मल्या, तिथेच शाळेत गेल्या. दुकानात त्या पँटी आखूड करायच्या, चेन बदलायच्या, कोटांची अस्तरं लावायच्या. दर सोमवारी मला तेल घालायच्या आणि तेल घालताना माझ्याशी फ्रेंचमध्ये बोलायच्या. मला अक्षरं वाचता येत नाहीत, पण माया कळते. तेवीस वर्षं मी त्यांच्याकडे होते.

एक दिवस दुकानात वसुधाबाई आल्या. मोहनरावांना सॉफ्टवेअरची नोकरी लागली म्हणून ते दोघं पुण्याहून केलला राहायला आले होते. वसुधाबाईंना साडीला फॉल लावून हवा होता. फॉल म्हणजे काय हे फरीदाबाईंना कळेना. वसुधाबाईंचं जर्मन तेव्हा दहा-बारा शब्दांचं. शेवटी त्यांनी पर्स खाली ठेवली, "मीच दाखवते" असं मराठीतच म्हणाल्या आणि माझ्यासमोर बसल्या. साडीची कड हातात येताच त्यांचा हात सरळ चालला. फरीदाबाई बघत राहिल्या. मग म्हणाल्या, "उद्या नऊ वाजता ये."

अशी त्यांची मैत्री झाली. दोघी आपसात मोडकं जर्मन बोलत आणि एकमेकींच्या चुका दुरुस्त करत. पुढे फरीदाबाईंचे गुडघे गेले, दुकान बंद झालं, तेव्हा त्यांनी मला विकलं नाही. टेंपोत घालून वसुधाबाईंच्या घरी पाठवलं. त्यानंतर दर गुरुवारी फरीदाबाई पूल ओलांडून यायच्या. एक हात माझ्या अंगावरून फिरवायच्या, मग कॉफी आणि चकली. "हिला तेल घालतेस ना? का नुसती राबवून घेतेस?" असं विचारायच्या. वसुधाबाई म्हणायच्या, "सासूबाईंनी एवढी चौकशी केली नाही कधी."

मित्रांनो, ती माझी चांगली वर्षं. कार्ल्सरूहेच्या मराठी मंडळाच्या गणपतीचे पडदे माझ्यावर झाले. नीताची मुलगी अन्वी हिची परकर-पोलकी झाली. वसुधाबाईंची एक सवय होती. टांगायची कुठलीही वस्तू असो, तिच्या चारही कोपऱ्यांना त्या आतून कापडाचा एक छोटा त्रिकोण लावायच्या. सासवडला त्यांच्या आई गोधडीच्या कोपऱ्यांना तसाच लावत. कोपरा फाटत नाही. फरीदाबाई त्याला "तुझी सही" म्हणायच्या.

आता लाजेची गोष्ट.

ऑक्टोबरमध्ये एक माणूस व्हॅन घेऊन आला. कुठल्या तरी ओळखीतून त्याला वसुधाबाईंचं नाव कळलं होतं. त्याला साठ मोठे कापडी फलक हवे होते. निळं कापड, त्यावर पांढरी कापलेली अक्षरं शिवायची. कसला तरी मेळावा आहे, असं तो म्हणाला. सोबत त्याने बारीक पट्ट्यांचा एक गठ्ठा दिला. प्रत्येक फलकाच्या मागे एक पट्टी लावायची. मोहनरावांनी पट्टी फोनसमोर धरून अर्थ काढला: ‘फ्रान्समध्ये बनवलेले’.

"घ्या," ते म्हणाले. "केलमध्ये बसून फ्रेंच झालीस तू. आता मला बोंजूर म्हणत जा."

"आधी कांदा चिरून द्या, मग म्हणते."

अक्षरांचा अर्थ मात्र वसुधाबाईंनी अन्वीला विचारला. या भागातल्या शाळेत फ्रेंच शिकवतात. अन्वी शाळा सुटली की आजीकडे यायची. मराठी तिला सगळं समजतं, पण उत्तर ती जर्मनमध्ये देते. ती वाचून म्हणाली, "उन्झर हाउस त्सुएर्स्ट." म्हणजे ‘आपलं घर आधी’.

वसुधाबाईंना ते आवडलं. त्या म्हणाल्या, "बरोबर आहे. घर आधी आवरावं, मग बाहेर पडावं. माझी आई हेच सांगायची." त्यांना वाटलं, घराची काळजी घ्या असं सांगणारा बायकांचा मेळावा असेल. हसू नका, मित्रांनो. आपल्या भाषेत घर म्हणजे केर, स्वयंपाक आणि सगळ्यांची जेवणं. ते दुसऱ्यासाठी बंद करायचं दार असतं, हे त्यांच्या मनातही आलं नाही. इथपर्यंत चूक साधी होती. इथपर्यंतची लाज मला वाटत नाही.

एकोणचाळीस फलक झाले होते. त्या दिवशी अन्वी फोन घेऊन धावत आली. फोनवर एका सभेची बातमी होती. फ्रान्सच्या एका राष्ट्रवादी पक्षाचा नेता राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीला उभा होता, आणि त्याच्या मागे तेच शब्द होते, तसेच निळ्यावर पांढरे. अन्वीने ऐकून ऐकून सांगितलं. तो म्हणत होता की घरं, नोकऱ्या, मदत आधी आपल्या रक्ताच्या माणसांना. बाहेरून आलेल्यांनी मागे थांबावं, त्यांच्या मुलांनीसुद्धा.

मग अन्वीने विचारलं, "फरीदा-ओमानेसुद्धा?"

ओमा म्हणजे आजी. वसुधाबाईंचा पाय पायडलवर होता. तो त्यांनी उचलला.

संध्याकाळी त्या मोहनरावांना म्हणाल्या, "अहो, हे काम मी परत देते."

मोहनराव टेबलाशी बसून पेन्शनचा फॉर्म भरत होते. ते म्हणाले, "आल्झो, हे बघ, आपण राहतो जर्मनीत. निवडणूक फ्रान्सची. आपल्याला मत नाही, त्यांना आपलं नाव माहीत नाही. तू नाही शिवलंस तर दुसरं कोणी शिवेल."

"पण फरीदाताई?"

"तिला कोण सांगायला जातंय? शब्द दिलायस ना त्या माणसाला? मग उरलेले संपव आणि मोकळी हो."

वसुधाबाईंनी चार दिवसांत उरलेले एकवीस फलक शिवले. कोपऱ्यांचे त्रिकोणही लावले, कारण हाताला त्याशिवाय जमत नव्हतं. आणि मी? मी जुनी मशीन आहे. माझा दोरा अडकतो, बॉबीन गुंतते, थंडीत माझा पट्टा सटकतो. अन्वीच्या फ्रॉकला मी तीनदा अडून बसले होते. त्या चार दिवसांत मी एकदाही अडले नाही. टाका न् टाका सरळ पडला. फरीदाबाईंनी तेवीस वर्षं घातलेलं तेल माझ्या सांध्यांत होतं, आणि त्याच तेलावर मी हे काम गुळगुळीत करून दिलं. मध्ये एक गुरुवार आला. त्या दिवशी फलकांच्या ढिगावर चादर टाकली होती. फरीदाबाईंनी विचारलं, "एवढं काय झाकलंयस?" वसुधाबाई म्हणाल्या, "गाद्यांच्या खोळी."

मार्च महिन्यात स्ट्रासबुर्गला त्या नेत्याची सभा झाली. पुढच्या गुरुवारी फरीदाबाई आल्या. त्या माझ्याजवळ आल्या नाहीत, थेट खुर्चीवर बसल्या आणि फोन पुढे केला. त्यांच्या घरासमोरच्या खांबावर फलक टांगला होता. वाऱ्याने तो उलटा झाला होता, आणि फोटोत त्याचा कोपरा होता. फरीदाबाईंनी तो मोठा करून दाखवला. आतला त्रिकोण स्पष्ट दिसत होता.

"वसुधा, ही तुझी सही आहे ना?"

"हो."

"काय लिहिलंय ते तुला माहीत होतं?"

खोलीत मोहनराव होते. मी होते. वसुधाबाईंनी मान खाली घातली आणि म्हणाल्या, "नाही. मला फ्रेंच कुठे येतं?"

मोहनराव लगेच म्हणाले, "गेनाऊ, अगदी बरोबर. तिला खरंच माहीत नव्हतं. त्या माणसाने फसवलं हो आम्हाला."

फरीदाबाईंनी दोघांकडे आळीपाळीने बघितलं. मग त्यांनी मोठा श्वास सोडला. "मला तेच वाटलं होतं. माझा भाऊ म्हणत होता, तुझी मैत्रीण तसलीच निघाली. मी त्याच्याशी भांडून आले." त्यांनी कॉफी घेतली. जाताना माझ्या अंगावरून हात फिरवला आणि वसुधाबाईंना मिठी मारली.

त्यांनी भांडण केलं असतं तर बरं झालं असतं. त्या मिठीनंतर वसुधाबाईंना त्यांचा चेहरा बघवेना. पुढच्या गुरुवारी त्यांनी सर्दीचं कारण सांगितलं. त्यापुढच्या गुरुवारी अन्वीच्या परीक्षेचं. फरीदाबाई फोन करत राहिल्या. मग फोन कमी झाले.

निवडणूक झाली. तो नेता शेवटच्या फेरीत हरला. मोहनराव बातम्या बंद करत म्हणाले, "चला, संपलं एकदाचं."

"काय संपलं?" वसुधाबाईंनी विचारलं.

उन्हाळ्यात एका दुपारी वसुधाबाईंनी अन्वीला विचारलं, "‘मला माहीत होतं’ हे जर्मनमध्ये कसं म्हणायचं गं?"

"इश हाब एस गेवुस्ट."

वसुधाबाई ते वाक्य माझ्यासमोर बसून म्हणायच्या. माझ्यावर कापड नसायचं, नुसता दिवा लावलेला असायचा. इश हाब एस गेवुस्ट. ‘गेवुस्ट’ त्यांना नीट यायचं नाही. अन्वी हसायची आणि पुन्हा म्हणून दाखवायची. कशासाठी चाललंय हे तिला माहीत नव्हतं. एकदा त्या ट्रामने पुलापलीकडे गेल्या. फरीदाबाईंच्या घराच्या थांब्यावर उतरल्या आणि त्याच थांब्यावरून परत आल्या. घरी आल्यावर मोहनरावांना म्हणाल्या, "तुम्ही चला माझ्याबरोबर. तुम्हीही बोलला होतात."

मोहनराव म्हणाले, "बघू पुढच्या आठवड्यात."

असे पुष्कळ आठवडे गेले. मग तो शनिवार आला.

आता हिवाळा आहे. माझ्यावर जुन्या साडीचं आवरण आहे. तेल कोणी घालत नाही, चाकाजवळ गंज धरतोय. मोहनराव रोज सकाळी येऊन माझ्यासमोरच्या खुर्चीवर बसतात. शिवण त्यांना येत नाही. नीता म्हणते, "बाबा, देऊन टाकू या का हिला कोणाला?" ते म्हणतात, "थांब जरा."

वसुधाबाई गेल्याचं नीताने फरीदाबाईंना कळवलं होतं. त्यांचं पत्र आलं. मोहनरावांनी ते नीताला मोठ्याने वाचायला सांगितलं. फरीदाबाईंनी लिहिलं होतं, गुडघ्यांमुळे मला येता आलं नाही. वसुधा मला टाळत होती, कारण तिला वाटत होतं की मी रागावले आहे. मी रागावले नव्हते. तिला काही माहीत नव्हतं, यावर माझा तेव्हाही विश्वास होता आणि आजही आहे. माझ्या भावालासुद्धा मी हेच सांगते.

नीताने विचारलं, "बाबा, कशाबद्दल लिहिलंय हे?"

"काही नाही गं. जुनं आहे," मोहनराव म्हणाले. पत्र त्यांनी माझ्या टेबलावर ठेवलं.

मित्रांनो, तुमच्या घरात माझ्यासारखी एखादी जुनी वस्तू असेल तर तिला वेळेवर तेल घाला, गंजू देऊ नका. पण तिच्यावर काय काम करता तेही बघा. आम्हाला नको म्हणता येत नाही. ज्यांना म्हणता येतं त्यांनी म्हणावं. आणि चूक झाली तर माहीत नव्हतं असं म्हणू नका. समोरचा माणूस चांगला असला तर तो विश्वास ठेवतो, आणि मग खरं सांगणं फार अवघड होऊन बसतं.

पत्र येऊन सात आठवडे झाले. ट्राम दर काही मिनिटांनी पुलावरून जाते. मोहनरावांनी पत्राला उत्तर लिहिलेलं नाही, आणि ते स्ट्रासबुर्गला गेलेले नाहीत. वसुधाबाईंना माहीत होतं, आणि मोहनरावांनाही, हे फरीदाबाईंना अजून कोणी सांगितलेलं नाही.