फोटोत नको असलेला झरोका

माझा दीर आठवड्या-पंधरवड्यासाठी सामानासकट घरं भाड्याने देतो आणि ती घरं मी लावते. पाहुण्याने फक्त बॅग घेऊन यायचं, चादरीपासून चहाच्या गाळणीपर्यंत सगळं तयार. या कामात माझा हात कुणी धरू शकत नाही. हे आधीच सांगते, नाहीतर पुढचं ऐकून तुम्ही मला वेंधळी समजाल.

लोक फोटो बघून घर घेतात, म्हणून मी मोबाइलचा कॅमेरा समोर धरूनच घर लावते. त्यात जे खटकेल ते हलवायचं, झाकायचं, नाहीतर सरळ फेकून द्यायचं. एका घरात बाथरूमच्या भिंतीत, छताजवळ, वीतभर झरोका होता. जाळी गंजलेली, कडेला काजळी. मेला प्रत्येक फोटोत डोळ्यांत खुपायचा. मी मापाची फळी बसवली, फटी लिंपल्या, वरून पांढरा रंग मारला. भाऊजी म्हणाले, "वहिनी, इथे काही होतं हे सांगूनही खरं वाटणार नाही." मी फुशारून गेले.

त्या घरात एक शिक्षिका वडिलांना घेऊन राहायला आली. त्यांच्या डोळ्यांवर उपचार चालू होते, दवाखाना जवळ पडावा म्हणून पंधरवड्यासाठी घर घेतलं होतं.

चौथ्या दिवशी सकाळी नऊला तिचा फोन आला. "बाबा बाथरूमचं दार उघडत नाहीयेत!"

मी जवळच होते, धावत गेले. वॉचमनने दार तोडलं. म्हातारबाबा फरशीवर पडलेले, नळ वाहतोय, वर गॅसचा गिझर भकाभका पेटलेला. त्यांना बाहेर ओढताना तिलाही भोवळ आली. अँब्युलन्स दोघांना घेऊन गेली आणि मी ओल्या चपलांनी तिथेच उभी राहिले.

भाऊजी गिझरच्या मेकॅनिकला घेऊन आले. त्याने गिझरकडे नंतर पाहिलं, आधी भिंतीकडे.

"इथला झरोका कुठे गेला?"

"फोटोत दिसायचा," मी म्हणाले.

तो माझ्याकडे वळला. "ताई, गॅस जळायला हवा लागते. कोंडलेल्या खोलीत तो विषारी वायू सोडतो. वास नाही, धूर नाही. माणसाला कळतसुद्धा नाही."

 भाऊजींनी तोवर करार काढला होता. "हे बघा. पलंग दोन, टीव्ही, इस्त्री, टॉवेल आठ. सगळं दिलंय आपण. झरोका देऊ असं कुठे लिहिलंय?"

माझं डोकंच फिरलं. "छत डोक्यावर पडणार नाही, असं तरी कुठे लिहिलंय? घर म्हणून दिलं ना आपण? त्यात माणूस जिवंत राहील, हे काय लिहून द्यायचं असतं?"

"हळू बोला, वहिनी. फळी तुम्ही ठोकलीत. पोलीस आले तर आत तुम्ही जाल. तिला काही सांगू नका."

आणि मी, जिच्या तोंडाला सगळी इमारत घाबरते, गप्प बसले. लाज वाटते सांगायला, पण बसले.

संध्याकाळी दवाखान्यात गेले. म्हातारबाबांच्या तोंडावर मास्क होता, पण त्यांनी डोळे उघडले होते. लेक बाहेर बाकावर बसली होती. मला बघून तिने माझा हात हातात घेतला.

"माफ करा हं, तुमचं दार तोडावं लागलं. मीच बाबांना म्हटलं होतं, घर छान आहे, निवांत अंघोळ करा. आमच्याकडे एवढं गरम पाणी नसतं ना. त्यांना सोडलं की परत तिथेच आणते. आठवडाभर वाढवून द्याल?"

मला ते सहन होईना. "झरोका मी बुजवला," मी म्हणाले आणि फळीपासून करारापर्यंत सगळं सांगून टाकलं. ती थोबाडीत मारेल असं वाटलं होतं. मारायला हवं होतं. तिने फक्त हात काढून घेतला. मग वर्गात विचारावं तसं शांतपणे विचारलं, "अशी किती घरं लावता तुम्ही?"

"सात."

"सगळीकडे गॅसचाच गिझर?"

"हो."

"आणि झरोके?"

एकूणएक घरातला झरोका मी असाच बुजवला होता. मी भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. साडेसहा. दिवसभर हिंडून लोक घरी येतात, अंघोळीला जातात, ती वेळ. सातपैकी चार घरांत माणसं होती. सकाळपासून मी त्या म्हाताऱ्यासाठी रडत होते, खरं सांगायचं तर स्वतःसाठीही, आणि हे एकदाही माझ्या मनात आलं नव्हतं. मी मोबाइल काढला, त्या चारांतल्या पहिल्या घराचा नंबर तिनेच लावून दिला.

पलीकडून एका लहान मुलीने फोन उचलला.

"आई अंघोळीला गेलीये," ती म्हणाली. "कधीचीच गेलीये."