डाव्या बुटातला खिळा

मी एक बूट बोलतोय. डाव्या पायाचा. माझा उजवा भाऊ शेजारीच टांगलेला आहे, पण तो पहिल्यापासून अबोल. त्याच्याकडे सांगण्यासारखं काही नाही. जे झालं ते माझ्या पोटात झालं.

रॅकनशॉ या गिरणगावात कालव्याकाठी 'शटल' नावाचा पब आहे. तिथे शेगडीच्या वर एका खुंटीला आम्ही दोघं लटकतोय. खाली पितळी पट्टीवर आमच्या धन्याचं नाव आहे : जेथ्रो एकर्सली. दर शनिवारी मैदानाकडे निघालेले खेळाडू इथे डोकावतात आणि मला हात लावून जातात. शुभ असतं म्हणे. त्यांचा हात लागला की माझं कातडं आक्रसतं. बाबांनो, लांबूनच बरा मी.

मला इनॉक चांभाराने केलं. गिरणीतल्या लोकांचे लाकडी तळाचे जोडे करण्यात त्याची हयात गेली होती. फुटबॉलचे बूट तो पहिल्यांदाच करत होता, आणि रापी चालवताना सारखा कुरकुरत होता.

"चेंडूला लाथा घालायला चांगलं कातडं कापतोय. ती गाय वर जाऊन देवाला काय सांगेल?"

समोर स्टुलावर जेथ्रो बसला होता. तेव्हा बावीस वर्षांचा, गिरणीत मागावर काम करणारा. "सांगेल, म्हातारबा, की पोराचा डावा पाय बरा होता," तो म्हणाला.

इनॉक हसला नाही. मला त्याच्या हातात देताना एवढंच म्हणाला, "घालण्याआधी आत बोट फिरवत जा. खिळा खालून ठोकला तरी त्याची वाट वरच असते."

तरुण माणूस असं बोलणं एका कानाने ऐकतो. जेथ्रो विसरूनही गेला असता. पण बोट घालायची सवय त्याला दुसऱ्याच कारणाने लागली.

त्या काळात खेळायचे पैसे घेणं हा गुन्हा होता. हौसेने खेळा, असं वरच्या लोकांचं म्हणणं. वरच्या लोकांची पोटं भरलेली होती. आमच्या क्लबचे सेक्रेटरी मिस्टर थ्रेल्फॉल यावर कधी काही बोलले नाहीत. मॅच संपून खेळाडू अंग धुवायला गेले की ते एकटेच खोलीत शिरायचे आणि काढून ठेवलेल्या बुटांपाशी वाकायचे. माझ्या चवड्यात अर्ध्या पौंडाचं सोन्याचं नाणं पडायचं. थंडगार, छोटंसं. मग जेथ्रो यायचा, मला उचलायचा आणि आत बोट घालायचा. त्या बोटाला काय आनंद व्हायचा! कधी कधी तो मोठ्याने म्हणायचा, "अरे, खडा गेला वाटतं," आणि सगळी खोली हसायची.

पुढे कायदा बदलला. पैसे टेबलावर सही करून मिळू लागले. जेथ्रोने गिरणी सोडली आणि पायावर पोट भरणारा माणूस झाला. बुटातलं नाणं बंद झालं. पण बोट काही थांबलं नाही, कारण तोवर घरात केझाया आली होती.

केझाया विणकर. गिरणीत सहाशे मागांच्या खडखडाटात माणसाचा आवाज माणसाला पोचत नाही, म्हणून विणकर बायका नुसत्या ओठांनी बोलतात. समोरचा ते वाचतो. या दोघांचं लग्नही असंच, एक शब्द न काढता ठरलं. मैदानात दहा हजार माणसं बोंबलत असली तरी ती कठड्यापाशी उभी राहून ओठ हलवायची, आणि हा मधल्या रेषेवरून समजायचा. "पळ रे, बैला." "घरी पाय घेऊन ये, रात्री मटणाचा पाय आहे." हा हसायचा, आणि लोकांना वाटायचं, बघा, किती आत्मविश्वास!

इनॉकने सांगितलेलं तिला कळलं, त्या दिवसापासून तो तिने घरचा नियमच केला. "नाणं गेलं खड्ड्यात. तू बोट घाल." शनिवारी सकाळी ती स्वतः आत चाचपून बघायची, आणि मैदानावर मला चढवण्याआधी तो.

दहा वर्षं आम्ही खेळलो. तीनदा माझा तळ बदलला. जेथ्रोचं नाव पेपरात आलं, चित्र चघळायच्या गोळ्यांच्या डब्यावर आलं. रस्त्याने चालताना लोक त्याच्या तोंडाकडे न बघता पायाकडे बघायचे. मला भलता अभिमान वाटायचा. पण माणसाचं वय चेहऱ्याच्या आधी पायाला कळतं, आणि पायाच्या आधी बुटाला. बत्तिसाव्या वर्षी तो उडी मारून खाली यायचा तेव्हा टाच क्षणभर उशिरा टेकायची. बाहेर कुणाला दिसत नव्हतं. मला कळत होतं.

त्याच हिवाळ्यात ग्लासगोहून रोरी आला. एकोणीस वर्षांचा, लाजाळू, वाटेत भेटला की टोपी काढणारा. जेथ्रोच्याच जागेवर खेळायचा. त्याचा राग यावा असं त्याच्यात काही नव्हतं, आणि हीच पंचाईत होती.

क्लबच्या अध्यक्षांची दारूची भट्टी होती, आणि त्यांचा 'शटल' पब तेव्हा रिकामा होणार होता. ते जेथ्रोच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "कपमध्ये आपण आहोत तोवर संघात टिक. मग 'शटल' तू आणि केझाया चालवा. नाहीतर रोरी आहेच की." हसत म्हणाले. मोठी माणसं असली वाक्यं हसतच म्हणतात.

केझायाला खोकला लागला होता. गिरणीतला कापूस छातीत बसला होता. पब मिळाला तर ती मागावरून सुटणार होती. जेथ्रोला दुसरं काही नको होतं.

फेब्रुवारीतला तो शनिवार. कपची तिसरी फेरी, समोर थॉर्नहोमचा संघ. सकाळी जमीन दगडासारखी गोठलेली होती आणि दुपारी पाऊस लागून लोण्यासारखी झाली. सरावाचं बघणारा म्हातारा मोझेस हातात हातोडी आणि तोंडात खिळे धरून आला.

"द्या बूट. आज जाड पट्ट्या लागतील, नाहीतर सगळे गाढवासारखे लोळाल."

माझ्या तळावर त्याने कातड्याची जाड पट्टी ठेवली आणि तिला लांब खिळे लावले. पहिला ठोका. दुसरा. तिसऱ्या ठोक्याला माझ्या पोटात काहीतरी आलं. टाचेखाली, आतल्या अस्तरातून, तांदळाच्या कणीएवढं टोक. मोझेसने मला उलटं धरून तळ पाहिला, खूश झाला आणि जेथ्रोकडे फेकलं.

जेथ्रोने मला मांडीवर घेतलं. त्याचं बोट माझ्या तोंडाशी आलं. मी म्हटलं, आलं, आता आलं.

आणि गोलकीपर टायटस गरजला, "बघा रे बघा! नाणं बंद होऊन आठ वर्षं झाली, आणि हा अजून चाचपतोय! मिस्टर थ्रेल्फॉल, टाका हो काहीतरी म्हाताऱ्याच्या बुटात!"

खोली हसली. कुणीतरी म्हणालं, "नाणं नाही रे, बायकोचा हुकूम आहे तो." कोपऱ्यात कोट घालून बसलेला रोरीसुद्धा हसला. अगदी हळू, मान खाली घालून.

आधी कुणी असं बोललं असतं तर जेथ्रोने दोन शिव्या हासडून बोट घातलंच असतं. पण 'म्हातारा' हा शब्द त्या दिवशी त्याला लागला. बोट मागे गेलं. पाय आत आला.

मग पंच आले. खिळे बाहेर आलेले नाहीत ना, हे मॅचआधी बघायची पद्धत आहे. नाल मारायला उभ्या केलेल्या घोड्यांसारखे अकराही जणांनी एकेक पाय मागे वर केला. पंचांनी माझ्या तळावरून अंगठा फिरवला. "छान. गुळगुळीत आहे."

तळ सगळेच बघतात.

मैदानात उतरलो तेव्हा पावसात, डोक्यावर शाल घेऊन, केझाया कठड्याशी उभी होती. तिचे ओठ हलले : "बोट घातलंस?"

जेथ्रोने मान हलवली. हो.

इतक्या वर्षांत तो तिच्याशी खोटं बोललेला मी पाहिला नव्हता. ते पहिलं.

वीस मिनिटं काही झालं नाही. मग तो हवेत उडाला, डोक्याने चेंडू मारला आणि सगळं वजन टाकून टाचेवर खाली आला. खिळ्याने वाट काढली. माझ्या आत ऊब पसरली. तो वाकला, गुडघ्यावर हात ठेवून उभा राहिला.

"काय रे?" कडेवरून मोझेस ओरडला.

"काही नाही. पेटका आला."

मध्यंतरात लिंबाच्या फोडी वाटल्या. मोझेस म्हणाला, "डावा बूट काढ, चोळून देतो."

"काढला तर परत चढायचा नाही. राहू दे."

मी आयुष्यात कधी एवढं उसवायचा प्रयत्न केला नाही. पण इनॉकची शिवण होती. सुटली नाही.

शेवटच्या दहा मिनिटांत त्याने गोल केला, माझ्याच चवड्याने. लोकांनी त्याला खांद्यावर घेतलं. मी हवेत लोंबकळत होतो, आणि माझ्या टाचेतून लाल पाणी ठिबकत होतं. खालच्या माणसाच्या कोटावर पडत होतं. त्याने पाहिलंही, आणि हसून म्हणाला, "मेले हे नवे मोजे, रंग सोडतायत!"

कारण क्लबने त्या हंगामात गडद लाल मोजे आणले होते, आणि पावसात प्रत्येकाचे पाय लाल झाले होते. घरी केझायाने परातीत त्याचा पाय धुतला. पाणी लाल झालं. "एवढा रंग?" ती म्हणाली.

"रंगच आहे," तो म्हणाला. हे दुसरं.

मला शेगडीपाशी वाळत ठेवताना तो पुटपुटला, "सोमवारी इनॉककडे नेतो रे तुला." सोमवारी त्याला पाय खाली टेकवेना. बुधवारी मांडीपर्यंत लाल रेघ चढली. डॉक्टर म्हणाले, मोज्याचा रंग जखमेतून रक्तात गेला. मैदानावर जखमा काय, सगळ्यांनाच होतात. कुणी विचारलं नाही, ही कशाने झाली.

नवव्या दिवशी त्याला आवाज उरला नव्हता. ओठ हलले. केझायाने वाचलं : "'शटल'?"

तिनेही आवाज काढला नाही. "मिळालं," तिचे ओठ म्हणाले. तोवर कुणी काही दिलेलं नव्हतं.

तो गेला, आणि पुढे गावाच्या तोंडाला भिऊन अध्यक्षांनी तिला पब खरंच दिला. गावाने ते लाल मोजे चौकात जाळले. मोजे विणणारा बिचारा बिऱ्हाड घेऊन निघून गेला. तेव्हापासून रॅकनशॉचे खेळाडू रंगीत मोज्याच्या आत पांढरा मोजा घालतात आणि निर्धास्त असतात. मला तेल लावून इथे टांगलं. खिळा काढायचं कुणाच्या मनात आलं नाही. आहे हे माहीतच कुणाला होतं?

अशी बारा वर्षं गेली.

काल सकाळी रोरी आला. आता तो एकतीसचा आहे. टोपी काढून उभा राहिला.

"वहिनी, उद्या कपची मॅच आहे. एक मागणं आहे. डावा बूट द्या, एका दिवसापुरता."

"तुझे काय झिजले?"

"झिजले नाहीत. बेलफास्टहून पोरगा आणलाय त्यांनी एक. माझ्याच जागेवर खेळतो." तो हसायला गेला, पण जमलं नाही. "जेथ्रोदादाचा पाय पाठीशी असला तर बरं, असं वाटतं."

आजवर तिने कुणाला मला खाली काढू दिलं नव्हतं. पण त्याच्या तोंडाकडे ती बघत राहिली, आणि मग स्टुलावर चढली. मला उतरवलं, शालीच्या टोकाने पुसलं. आणि सवय ती, बारा वर्षांनीही शाबूत, तिने आत बोट घातलं.

ती दचकली. बोट बाहेर आलं. टोकावर रक्ताचा थेंब होता.

मग तिने मला तोंडासमोर धरलं. ओठ हलले, आवाज नव्हता : "तू हो म्हणाला होतास."

"काय झालं, वहिनी? उंदीर आहे का आत?"

"काही नाही." तिने मला परत खुंटीला अडकवलं. खिळा तसाच ठेवला. "हा बूट मिळायचा नाही. जा, आणि उद्या मैदानावर घालण्याआधी तुझ्या बुटात बोट घालून बघ. दोन्ही."

"सगळे हसतील हो."

"हसू दे की."

तो गेला. हो म्हणाला, मान हलवली. त्या मानेवर माझा विश्वास नाही. एक अशीच हललेली मान मी पाहिलीय.

म्हणून तुम्हाला सांगतो. मला हात लावू नका, नवस बोलू नका. माझ्यात शुभ काही नाही, एक खिळा आहे, आणि त्यावर दोन माणसांचं रक्त वाळलंय. तुमचा बूट कितीही जुना, कितीही भरवशाचा असो, पायाआधी बोट घाला. हसणारे हसून घरी जातात.

आज शनिवार आहे. पब रिकामा आहे. मैदानाकडून गलका ऐकू येतोय, म्हणजे संघ बाहेर आला. पाऊसही लागलाय. केझाया दारात उभी आहे, मैदानाकडे तोंड करून, डोक्यावर शाल घेऊन. मधे दोन गल्ल्या आहेत, इथून कुणाला काही दिसायचं नाही.

तरी तिचे ओठ हलतायत.