पाठमोरी वस्ती

रस्त्यावरून जाणाऱ्यांना या वस्तीच्या फक्त पाठी दिसतात. घरांच्या ओळीने कोऱ्या भिंती आणि त्यांच्या आधाराने वाळत घातलेल्या गोधड्या, बस. ट्रकवाले तिला 'पाठमोरी' म्हणतात आणि इथली माणसं तुसडी असणार असं ठरवून पुढे जातात. म्हणोत बापडे.

वस्ती रस्त्याच्या चाळीस वर्षं आधीची आहे. कालवा खोदायला आलेली चार कुटुंबं काम संपल्यावर इथेच राहिली. त्यांनी विहीर खणली, तिच्याभोवती घरं बांधली आणि दारं ठेवली आत, एकमेकांसमोर. परक्या मुलुखात त्यांना दुसरं होतं कोण? तेव्हाच एक नेम ठरला. उजाडलं की आपलं दार उघडायचं आणि समोरचं उघडलंय का ते बघायचं. उघडलं नसेल, तर हातातलं काम टाकून जायचं आणि कडी वाजवायची. कागदावर कुणी लिहिलं नाही, पण तापाने फणफणलेली, अडलेली, पाय घसरून पडलेली कितीतरी माणसं या नेमाने जगली. पुढे रस्ता आला तो नेमका पाठीमागून. घरं चाराची आठ झाली, पण एकानेही तोंड फिरवलं नाही. अशी माणसं शोधून सापडायची नाहीत.

आता तोंड फिरवणार होती सुतारीणकाकू. नवरा जाऊन सहा वर्षं झालेली, मुलगा मोटारसायकली दुरुस्त करणारा. "आई, रस्त्याकडे दार दे, नाहीतर निरोप तरी दे," त्याने सरळ सांगितलं होतं. गॅरेज इथे झालं नाही, तर तो बायकोपोरांना घेऊन शहरात जाणार होता. काकूला आठ दिवस घास गोड लागला नाही. शेवटी वस्तीत कुणाला न विचारताच तिने गवंड्याला बोलावलं आणि चोरासारखी दार लावून बसली.

गवंड्याने मागच्या भिंतीवर हातोडीने ठकठक केलं आणि कान लावला. मग चार हात गिलावा पाडला.

"काकू, इथे दार होतं की!"

"काहीतरीच काय! तीस-पस्तीस वर्षं मी राहतेय या घरात."

"या, बघा. विटा कुणीतरी घाईत कोंबल्यात, गवंड्याचा हात नाही हा. पण आतली चौकट बघा, काय फक्कड काम आहे."

चौकटीचे सांधे बघितल्यावर काकूला सांगावं लागलं नाही. तो हात तिच्या नवऱ्याचा होता. मग तिला आठवलं. पहिल्या बाळंतपणाहून ती परतली, तेव्हा हीच भिंत ताज्या चुन्याने पांढरीशुभ्र होती आणि एकाच भिंतीवर एवढा चुना नासला म्हणून तिने नवऱ्याला फैलावर घेतलं होतं.

गवंड्याला थांबवून ती तडक समोर गेली. समोरच्या ताई तांदूळ निवडत होत्या.

"ताई, आमच्या घराला मागे दार होतं?"

ताईंनी सूप बाजूला ठेवलं. "होतं. दीडच महिना. तू माहेरी होतीस. लाकडं परस्पर रस्त्यावरून आत घेता येतात म्हणून तो मागचंच दार वापरायला लागला. पुढचं उघडायचंच राहून जायचं."

"मग बुजवलं का?"

"माझे बाबा गेले एवढंच तुला ठाऊक. इथे एकटेच राहायचे ते. आतल्या बाजूला, दारापाशीच पडले. दोन दिवस पडून होते. बाकीच्यांना वाटलं, समोर सुतार आहे, तो बघेल. तिसऱ्या दिवशी त्यानेच दार फोडलं, पण जीव नव्हता राहिला."

"आणि मला कुणी एका शब्दाने सांगितलं नाही?"

"मीच सगळ्यांना सांगितलं, तिच्यापाशी बोलायचं नाही. तू ओली बाळंतीण, अंगावर तान्हं पोर. नवऱ्याकडे बघून तुझं मन विटलं असतं. आणि त्याने काय मुद्दाम केलं होतं?"

आठ घरं, लहानथोर चाळीस माणसं, आणि चौतीस वर्षांत एकाच्याही तोंडून ब्र निघाला नव्हता. भांडणातसुद्धा नाही! काकूला नवऱ्याची दया आली, स्वतःची लाज वाटली आणि या माणसांचा अभिमान वाटला. तिला रडू आवरेना.

"गवंड्याला परत पाठवते," ती म्हणाली.

"खुळी आहेस का? पोरगा जाईल निघून. दार कर, पण सकाळी इकडचं आधी उघड, म्हणजे झालं."

"आणि चुकलो तर?"

"मी आहे ना समोर. बाबा गेले त्याच आठवड्यात इथे राहायला आले मी. तेव्हापासून तुझं दार एक दिवस बघायचं चुकवलं नाही."

काकू घरी आली. मुलगा गवंड्याशी बोलत उभा होता. तिने त्याला हाताला धरून पुढच्या उंबऱ्यावर बसवलं आणि झालं ते सगळं, त्याच्या बापाची चूकसुद्धा, न लपवता सांगितलं.

"तुझं गॅरेज होऊ दे," काकू म्हणाली. "पण उद्यापासून ताईंचं दार बघायचं काम तुझं."